लाथ मारली कोणी?

सगळ्यात आधी मी काय केलं असेल, तर भांडण!

जूनमधली रविवारची सकाळ. दादरचा एक बॅडमिंटन हॉल, डबल्सची मॅच आणि स्कोअर सतरा-सोळा. समोरून ड्रॉप शॉट आला, मी पुढे झेप घेतली आणि मागून कोणीतरी माझ्या टाचेच्या जरा वर रॅकेट हाणली. फट्ट! बाजूच्या कोर्टवरचेसुद्धा थांबून बघायला लागले. मी गर्रकन वळून पार्टनरवर ओरडले, "अगं, डोळे आहेत की नाही? केवढ्याने मारलंस!" ती बिचारी कोर्टाच्या पार दुसऱ्या टोकाला उभी होती. "मी? मी कुठे मारलं?"

माझ्या मागे कोणीच नव्हतं.

गंमत म्हणजे फारसं दुखतही नव्हतं. फक्त उजवं पाऊल गादीवर टाकल्यासारखं वाटत होतं, टाचेखालून जमीन थोडी सरकल्यासारखं. ऑफिसवाल्या जनतेचा संडे बॅडमिंटन क्लब तो. लगेच स्प्रे आला, बर्फ आला, सल्ले आले. मी दादर स्टेशनचा पूल रेलिंगला धरून चढले, स्लो लोकलने चर्नी रोडला उतरले आणि गिरगावातल्या आमच्या चाळीचे तीन लाकडी जिने एकेका पायरीवर बसत-उठत चढून घरी पोचले. त्या दिवशी तर मला याचा अभिमानच वाटला होता.

दुसऱ्या दिवशी एका क्लिनिकमध्ये एक्स-रे काढला. "हाड शाबूत आहे, घोटा मुरगळलाय," निकाल लागला. "पाऊल खाली दाबून दाखवा." मी दाबलं. "बघा, हलतंय की! क्रेप बँडेज बांधा, आठवड्यात पळायला लागाल."

आता कळतं की यात दोन घोळ होते. एक, एक्स-रेमध्ये हाड दिसतं, शीर दिसत नाही. आणि दोन, टाचेमागची मोठी शीर पार तुटली तरी पायाची बोटं वाकवणारे स्नायू जागेवर असतात. ते पाऊल थोडंफार खाली दाबतातच. म्हणजे पेशंट पाऊल हलवतो, लंगडत का होईना चालतो, दुखणंही बेताचंच. मग कोणाला वाटणार, आत काही तुटलंय म्हणून? त्यात ही दुखापत जास्त करून तिशी-चाळिशीतल्या पुरुषांना होते. आठवडाभर खुर्चीत बसून रविवारी अचानक विराट कोहली होणाऱ्यांना! मी पुरुष नाही आणि तिशीला अजून अवकाश आहे. खुर्चीचा मुद्दा मात्र मान्य.

पाच दिवसांनी शाळेतली एक मैत्रीण घरी आली. फिजिओथेरपिस्ट आहे. तिने काही न विचारता मला कॉटवर पालथं झोपवलं, पावलं कडेच्या बाहेर लोंबकळत ठेवली आणि डाव्या पायाची पोटरी मुठीत दाबली. पावलाने मान डोलावली. मग उजवी पोटरी दाबली. काही नाही. पुन्हा दाबली. काहीच नाही. ब्रेकची वायर तुटलेल्या सायकलचा लिव्हर दाबावा, तसं. मला ते दिसत नव्हतं, पण बाजूला उभ्या आईचा चेहरा दिसत होता.

सिमंड्स नावाच्या ब्रिटिश सर्जनने १९५७ मध्ये आणि थॉम्पसन नावाच्या अमेरिकन डॉक्टरने १९६२ मध्ये ही चाचणी मांडली. मशीन नाही, खर्च नाही, दहा सेकंदांचं काम. म्हणून हात जोडून सांगते, खेळताना मागून कोणी मारल्यासारखं वाटलं आणि मागे कोणी नसेल, तर पोटरी दाबून बघितल्याशिवाय 'मुरगळलाय' हे ऐकून घेऊ नका.

सोनोग्राफीत शिक्कामोर्तब झालं. अकिलीस टेंडन, टाचेपासून साधारण पाच सेंटिमीटर वर, पूर्ण तुटलेली.

या अकिलीसची गोष्ट सगळ्यांना माहीत असते. ग्रीक वीर, आईने टाच धरून नदीत बुचकळला, टाच तेवढी कोरडी राहिली वगैरे. आपल्याकडेही कृष्णाला पारध्याचा बाण लागला तो पायालाच. असो. तर पोटरीचे दोन मोठे स्नायू खाली येऊन एका दोरखंडात मिळतात आणि तो दोरखंड टाचेच्या हाडाला पकडतो. शरीरातली ही सगळ्यात जाड आणि सगळ्यात मजबूत शीर. पुस्तकी मराठीत कंडरा. लांबी साधारण पंधरा सेंटिमीटर. धावताना हिच्यावर शरीराच्या वजनाच्या सहा-आठ पट ताण येतो आणि ती स्प्रिंगसारखी तो परत करते. पण टाचेच्या वर दोन ते सहा सेंटिमीटरच्या पट्ट्यात तिचा रक्तपुरवठा जेमतेम असतो. बहुतेक वेळा तुटते ती तिथेच. आणि जिथे रक्त कमी, तिथे भरून येणंही संथ.

ऑर्थोपेडिक डॉक्टरांनी एक विचित्र प्रश्न विचारला. "गेल्या महिन्यात पोट बिघडून अँटिबायोटिक घेतली होती का?" घेतली होती. सिप्रोफ्लॉक्सॅसिन, नेहमीचीच. या जातीच्या गोळ्यांनी टेंडन दुखावण्याचा, क्वचित तुटण्याचा धोका असतो म्हणून अमेरिकेच्या एफडीएने २००८ मध्ये त्यांच्यावर सगळ्यात कडक इशारा छापायला लावला. माझ्या शिरेचं खापर त्या गोळ्यांवर फोडता येईल असं डॉक्टर म्हणाले नाहीत. पण तेव्हापासून केमिस्टकडून परस्पर आणलेली गोळी मी गिळत नाही.

मग मोठा प्रश्न. ऑपरेशन की बूट?

मला वाटलं होतं, तुटलंय म्हणजे शिवायलाच हवं. डॉक्टरांनी नॉर्वेतला एक अभ्यास सांगितला. तो २०२२ मध्ये 'न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन'मध्ये आला होता. ५२६ पेशंट, काहींचं ऑपरेशन, काहींना नुसता आधार आणि व्यायाम. वर्षभराने चालण्या-फिरण्यात, कामात दोन्हींमध्ये फरक नाही. फक्त ऑपरेशन न केलेल्यांमध्ये शीर पुन्हा तुटण्याचं प्रमाण जास्त, सुमारे सहा टक्के. ऑपरेशनवाल्यांमध्ये एक टक्क्याच्याही आत. उलट ऑपरेशनमध्ये नस दुखावण्याचा धोका जास्त. मी फ्रीलान्सर. सिक लीव्ह नाही, एचआर नाही, लेख दिला तर चेक. त्यात पाचच दिवस झालेले आणि पाऊल खाली झुकवलं की तुटलेली टोकं सोनोग्राफीत जवळ येत होती. मी बूट निवडला.

बूट म्हणजे स्कीइंगच्या सिनेमात दिसतो तसला अगडबंब वॉकर. आत टाचेखाली पाचरी. त्यामुळे पाऊल हाय हील घातल्यासारखं खाली झुकलेलं राहतं आणि तुटलेली टोकं एकमेकांजवळ येतात. काही आठवड्यांनी एकेक पाचर काढत जायची. झोपताना बूट, आंघोळीला प्लॅस्टिकच्या पिशवीत पाय. आणि एक सक्त ताकीद, बूट नसताना पाऊल वर खेचायचं नाही. एक चुकीची पायरी आणि पहिल्यापासून सुरुवात. आणखी एक गोष्ट डॉक्टरांनी तीनदा सांगितली. पोटरी अचानक सुजली, ठणकायला लागली किंवा दम लागला तर थेट हॉस्पिटल. बांधलेल्या पायात रक्ताची गुठळी होऊ शकते.

आता चाळीचं वर्णन मी केलंय. तीन जिने, आणि संडास गॅलरीच्या टोकाला. बूट घालून ते रोज करणं अशक्य होतं. म्हणून माझी रवानगी मामाकडे झाली.

मामाचं घर लालबागला. आजोबा गिरणीत होते. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला आणि आजोबांची नोकरी पुन्हा कधी सुरू झाली नाही. आजोबा गेल्यानंतर, म्हाडाच्या गिरणी कामगारांच्या सोडतीत त्यांच्या नावावर घर लागलं. सव्वादोनशे स्क्वेअर फूट, पण टॉवरमध्ये. लिफ्ट आणि घरात स्वतःचा संडास! मामीने खिडकीजवळचा पलंग मला दिला आणि मी तिथून लॅपटॉपवर 'मुंबईतले बेस्ट ब्रंच स्पॉट्स' असल्या गोष्टी लिहायला लागले. आठ आठवडे.

पहिल्याच रात्री जेवताना मी बॅडमिंटनचा किस्सा रंगवून सांगितला. "मला वाटलं हिने रॅकेटच मारली, मी धरून झापलं ना तिला!" मामी हसली. मामाने घास तसाच धरून ठेवला. "मागं कोणीच नव्हतं?" "नाही ना." "हं," एवढंच म्हणून तो हात धुवायला उठला.

मामा लंगडतो. म्हणजे मला कळायला लागल्यापासून लंगडतो. डावा पाय किंचित ओढत, जिना उतरताना नेहमी कठड्याला धरून. घरात त्याची एक ठरलेली स्टोरी होती. तरुणपणी हंडीत दोस्ताने लाथ मारली, पाय कायमचा गेला, पोलिसात लागायचा राहिला. त्या दोस्ताचं नाव आमच्याकडे काढायचं नसे. दोन गल्ल्या पलीकडे राहणारा माणूस, पण मामाने त्याच्या लग्नाला पाऊल ठेवलं नाही. त्याचे वडील वारले तेव्हाही गेला नाही. आजी शेवटपर्यंत सांगत होती, सोड आता. त्याने सोडलं नाही.

आठव्या आठवड्यात माझा बूट निघाला आणि दुसऱ्याच दिवशी, १६ ऑगस्टला, दहीहंडी. सकाळपासून खाली गोविंदांचे ट्रक, ढोल, शिट्ट्या. टीव्हीवर ठाण्यात कोकण नगर पथकाने दहा थर लावले आणि अख्ख्या बिल्डिंगने ओरडून दाद दिली. मामा टीव्ही बघत नव्हता. माझ्या पायाकडे बघत होता. तुटलेल्या बाजूची पोटरी दोन महिन्यांत अर्धी झाली होती.

"बाय," तो म्हणाला, "ती पोटरी दाबायची भानगड माझ्यावर कर बघू."

१९९४ ची गोकुळाष्टमी. मामा एकवीस वर्षांचा, दुसऱ्या थराचा हुकमी गडी, पोलीस भरतीसाठी रोज पहाटे पळणारा. एक हंडी हुकली, थर उतरले, पुन्हा चढायला म्हणून ओल्या रस्त्यावर त्याने पाय रेटला आणि मागून टाचेवर लाथ बसली. वळून बघितलं तर मागे तोच, जिवाभावाचा दोस्त. वरच्या थरावरून दोघांची आदल्या आठवड्यात वाजली होती. मामाने तिथेच त्याची कॉलर धरली. मग एका हाडवैद्याकडे तेल लावून घट्ट पट्टी, महिनाभर. भरतीच्या धावण्यात तो शेवटचा आला.

तो पालथा झोपला. मी पोटरी दाबली. पाऊल हललं, पण अगदी मरगळलेलं. इतक्या जुन्या दुखण्यात या चाचणीवर विसंबता येत नाही, हे मैत्रिणीने मला आधीच सांगितलं होतं. म्हणून त्याला दाराची चौकट धरून एका पायावर उभं केलं. "टाच उचल." उजव्या पायावर तो सहज चवड्यावर गेला. डाव्यावर गुडघा वाकवून, खांदे उचलून, दात-ओठ खाऊन बघितलं. टाच जमीन सोडेना.

माझ्याच डॉक्टरांकडे त्याला नेलं. एमआरआयमध्ये दिसलं, कधीतरी पूर्ण तुटलेली शीर, व्रणाने जुळलेली, पण लांब होऊन. नाडा सैल झाला की पायजमा कितीही ओढा, बसत नाही, तसं. पोटरी आखडते, पण तो जोर टाचेपर्यंत पोचतच नाही. डॉक्टरांनी समजावलं की तुटताना बहुतेकांना असंच वाटतं, कोणीतरी मारल्यासारखं. पाय रेटला की शीर आतल्या आत तुटते आणि मेंदू बाहेर कोणी दिसतंय का ते शोधतो. अंगठ्याकडची शीर वळवून जोडायचं ऑपरेशन होऊ शकतं, पण आधी सहा महिने व्यायाम करून बघू, असंही म्हणाले. मामाने हे सगळं ऐकलं. मग विचारलं, "म्हणजे लाथ नसताना पण तुटते?"

"लाथेने क्वचितच तुटते," डॉक्टर म्हणाले.

परळहून लालबागपर्यंत आम्ही टॅक्सीने आलो. मामा काही बोलला नाही. मला बोलायचं धाडस झालं नाही.

व्यायाम मात्र आम्ही दोघांनी एकदमच सुरू केले. यातही एक किस्सा आहे. स्वीडनमध्ये हाकन अल्फ्रेडसन नावाचे ऑर्थोपेडिक सर्जन. त्यांची स्वतःचीच अकिलीस दुखायची. तुटलेली नव्हे, जुनाट दुखरी. बॉस ऑपरेशन करायला तयार नव्हता. म्हणून सांगतात की यांनी वैतागून, ती आणखी बिघडावी म्हणून, पायरीच्या कडेवर उभं राहून टाच खाली सोडायचा सपाटा लावला. आणि ती बरी झाली! १९९८ मध्ये त्यांनी पंधरा हौशी खेळाडूंवरचा अभ्यास छापला. पंधरा वेळा, तीन फेऱ्या, दिवसातून दोनदा, बारा आठवडे. डिसेंबरात मरीन ड्राइव्हवर आणि शिवाजी पार्कात जानेवारीच्या मॅरेथॉनसाठी एकाएकी दुप्पट किलोमीटर पळायला लागणाऱ्या आणि मग सकाळी उठल्यावर पहिली चार पावलं आईगं म्हणत टाकणाऱ्या मंडळींसाठी हे लक्षात ठेवण्यासारखं आहे. दुखरी शीर नुसत्या आरामाने बरी होत नाही. आराम केला की दुखणं थांबतं, शीर कमजोर राहते. तिला हळूहळू, मोजून भार द्यावा लागतो. (दुखणं अगदी टाचेच्या हाडापाशी असेल तर टाच पायरीखाली सोडू नका, सपाट जमिनीवर करा.)

तुटलेल्यांचं वेळापत्रक वेगळं आणि फारच रटाळ. आधी खुर्चीत बसून टाच उचलणं. तीन महिन्यांनी उभं राहून, दोन्ही पायांवर. एका पायावर टाच उचलायला मला साडेपाच महिने लागले आणि त्या दिवशी मी लिटरली रडले. हलकं जॉगिंग त्यानंतर. खेळाचं नाव नऊ महिने ते वर्षभर काढायचं नाही. शीर ताणून लांब होऊ नये म्हणून स्ट्रेचिंगलाही बंदी. ही कोणी सांगेपर्यंत कळत नाही अशी गोष्ट, कारण आपल्याकडे प्रत्येक दुखण्यावर पहिला सल्ला 'जरा ताण दे' हाच असतो.

कंटाळा आला की मी मोहम्मद शमी आठवायचे. १५ नोव्हेंबर २०२३ ला वानखेडेवर सेमीफायनलमध्ये त्याने न्यूझीलंडचे सात काढले, तेव्हा आमच्या गॅलरीत फटाक्यांचा धूर आला होता. २६ फेब्रुवारी २०२४ ला त्याच्या अकिलीसवर ऑपरेशन झालं. रणजीत तो परतला त्या नोव्हेंबरात आणि भारतासाठी पुन्हा बोलिंग टाकली ती २८ जानेवारी २०२५ ला, राजकोटला. वर्ल्ड कपच्या फायनलनंतर चौदा महिन्यांनी. ज्याच्यामागे अख्खं बोर्ड, फिजिओ, ट्रेनर, त्याला एवढा वेळ. कोबी ब्रायंटने २०१३ मध्ये तुटलेल्या अकिलीसवर उभं राहून दोन फ्री थ्रो टाकले आणि दोन्ही बास्केटमध्ये गेले, हे वाचायला भारी वाटतं. मी मात्र वाचून बूट आणखी घट्ट आवळला.

गणपतीत मी परत गिरगावला जायच्या बेतात होते. पाचव्या दिवशी संध्याकाळी मामा इस्त्रीचा शर्ट घालून उभा राहिला. "चल, एकाकडे दर्शनाला जायचंय." रस्त्यात राजाच्या रांगा, माणसांचा समुद्र. एक लंगडा मामा आणि एक लंगडी भाची गल्लीबोळातून हळूहळू निघालो. दोन गल्ल्या, पण वीस मिनिटं लागली. मला कळलं होतं कुठे चाललोय ते. मी विचारलं नाही.

दार उघडलं त्या माणसाचे केस पार पांढरे होते. तो मामाकडे बघतच राहिला. मामा चप्पल काढून आत गेला, गणपतीला नमस्कार केला, मोदक घेतला आणि माझ्याकडे बोट दाखवून म्हणाला, "हिला सांगू दे. मला नीट सांगता येत नाय."

मी सांगितलं. बॅडमिंटन, फट्ट, मागे कोणी नसणं, एमआरआय, सगळं. तो ऐकत होता. मग खूप वेळाने म्हणाला, "एकतीस वर्षं झाली. मलाच वाटायला लागलं होतं, माझा पाय लागला असंल. घाईत. बायकोला पण तसंच सांगितलं होतं मी."

मामा मोदकाच्या कळ्या मोजत बसला होता. त्याची बायको चहा घेऊन आली आणि कपबशा खाली ठेवता ठेवता तीच रडायला लागली.

"तू होतास कुठं तेव्हा, नक्की?" मामाने विचारलं.

"तुझ्या मागं. डावीकडं."

"डावीकडं नव्हतास. डावीकडं तो मेघवाडीचा होता."

"अरे, तो पहिल्या थराला!"

"पहिल्या थराला? त्याचं वजन काय होतं, आठवतंय का?"

चहा गार झाला तरी ते दोघं त्या थरांवरून उतरले नाहीत.